शिडात वारा भरेपर्यंत

घरात चौदा-पंधरा वर्षांचे मूल असेल, तर घरातले एक बंद दार आपल्या परिचयाचे असते. आतून कडी लावलेली नसते, तरी लोटून आत जाण्याचा धीर होत नाही. आई ताट झाकून ठेवते, वडील दारापर्यंत जाऊन परत फिरतात, आणि आजी म्हणते, "वय आहे, जाऊ द्या." अशा दाराबाहेर उभे राहून काय करावे, याविषयी या पाक्षिकात पूर्वीही लिहिले गेले आहे. आज त्याच विषयाकडे मी एका गाण्याच्या वाटेने जाणार आहे. गाणे परक्या मुलखातले आहे, पण वाचकहो, थोडा धीर धरावा. त्याची वाट शेवटी आपल्या उंबऱ्यापाशी येते.

गाण्याचे नाव 'सेलिंग', म्हणजे शीड उभारून पाण्यावर केलेला प्रवास. गायक आणि गीतकार एकच, क्रिस्टोफर क्रॉस. जन्म १९५१ चा, अमेरिकेतील टेक्सास राज्यातल्या सॅन अँटोनियो शहरातला. वडील सैन्यातील बालरोगतज्ज्ञ. विशीत हा तरुण ऑस्टिन शहरात इतरांची गाणी वाजवणाऱ्या वाद्यवृंदात पोट भरत होता आणि रिकाम्या वेळात स्वतःची गाणी रचत होता. त्याचा पहिला ध्वनिमुद्रित संग्रह १९७९ च्या अखेरीस निघाला. मुखपृष्ठावर गायकाचा चेहरा नव्हता. होता एक रोहित पक्षी. त्याच संग्रहातले 'सेलिंग' हे गाणे ऑगस्ट १९८० च्या अखेरीस अमेरिकेच्या लोकप्रिय गीतांच्या 'बिलबोर्ड' यादीत पहिल्या स्थानावर पोहोचले. फेब्रुवारी १९८१ मध्ये ग्रॅमी पुरस्कारांच्या रात्री वर्षातील सर्वोत्तम ध्वनिमुद्रण, सर्वोत्तम गीत, सर्वोत्तम संग्रह आणि सर्वोत्तम नवोदित कलावंत हे चारही प्रमुख सन्मान या एकाच माणसाला मिळाले. असे एका रात्रीत पूर्वी कोणाला साधले नव्हते, आणि पुन्हा कोणाला साधायला २०२० साल उजाडावे लागले. त्या वर्षी बिली आयलिश या तरुण गायिकेने ते करून दाखवले.

या प्रकारच्या संगीताला 'सॉफ्ट रॉक' म्हणतात. रॉक संगीताची तालाची चौकट तीच, गिटारही तीच, पण आवाजाची धार बोथट केलेली. 'सेलिंग'मध्ये गिटारच्या तारा नेहमीच्या स्वरांत न लावता मोकळ्या, एकमेकींत मिसळणाऱ्या स्वरांत लावल्या आहेत. त्यामुळे एकेक तार छेडली की पाण्यावर वलये उठावीत तसा नाद उरतो. मागे तंतुवाद्यांचा हलका पडदा आहे. त्यावर क्रॉस यांचा उंच, स्वच्छ स्वर येतो, आणि तो कुठेही ओरडत नाही. चार मिनिटांहून थोडे अधिक चालणाऱ्या या गाण्यात घाई कशाचीच नाही. पुढे अशा गाण्यांना थट्टेने 'यॉट रॉक' हे नाव पडले: श्रीमंतांच्या नौकेवर, हातात पेला घेऊन ऐकण्याचे संगीत. थट्टा गमतीची आहे, पण या गाण्यापुरती ती साफ चुकीची आहे, असे माझे मत आहे.

कारण हे गाणे सुखवस्तू माणसाच्या सुट्टीचे नाही. क्रॉस यांनी पुढे मुलाखतींत सांगितले, की त्यांची किशोरवयातली काही वर्षे मनाने फार कठीण गेली. त्या काळात वयाने मोठा असलेला एक मित्र त्यांना वरचेवर शिडाच्या बोटीतून घेऊन जाई. तो थोरल्या भावासारखा होता. तो घेऊन जाई, काही काळ पाण्यावर ठेवी आणि परत आणी. एवढेच. पुढे दोघांची ताटातूट झाली आणि संपर्क तुटला. मुलगा मोठा झाला, आणि ज्या दिवसांनी त्याला तगवले होते त्यांचे त्याने गाणे केले.

मला यातला 'घेऊन जाई' हा भाग महत्त्वाचा वाटतो. मनःशांतीबद्दल आपण बोलतो तेव्हा ती ज्याची त्याने मिळवायची वस्तू आहे, असे गृहीत धरतो. पहाटे उठा, डोळे मिटा, श्वास मोजा, मोबाइल दूर ठेवा. प्रौढ माणसाला हे सांगणे ठीक आहे. पण जो आत बुडतो आहे त्याला 'स्वतःला सावर' म्हणणे, म्हणजे विहिरीत पडलेल्याला पोहण्याचे पुस्तक देणे. त्या मुलाने शांतता मिळवली नाही. ती त्याला कोणीतरी नेऊन दाखवली.

शिडाच्या बोटीचे आणखी एक वैशिष्ट्य आहे. तिला ढकलता येत नाही. वारा नसेल तर थांबावे लागते. वारा आला की शीड त्याच्याकडे वळवावे लागते. वाऱ्याला आपल्याकडे वळवता येत नाही. बोटीत दोन माणसे असली, तर दोघांचेही डोळे समोरच्या पाण्याकडे असतात, एकमेकांच्या तोंडाकडे नसतात. किशोरवयीन मुलांशी बोलण्याचा अनुभव असलेल्या कोणत्याही समुपदेशकाला विचारा, समोरासमोर बसवून "सांग, काय झाले?" म्हटले की मूल मिटते. शेजारी बसून, काहीतरी करत असताना, नजरेला नजर न देता तेच मूल बोलू लागते.

आपल्याकडे बोट नसेल, पण दुचाकी आहे. मागच्या आसनावर बसलेला भाचा मामाच्या पाठीशी जे बोलेल, ते दिवाणखान्यात बोलणार नाही. पुण्यात वेताळ टेकडी आहे, रत्नागिरीत भाट्याचा किनारा आहे, आणि कोणत्याही गावात शेताकडे जाणारी एक पायवाट असतेच. घेऊन जाणारा बहुधा आई किंवा वडील नसावा, हेही मी थोड्या भीतभीतच लिहितो आहे. आई-वडिलांच्या प्रेमात अपेक्षेचे ओझे असते, आणि मुलाला ते दिसते. मामा, आत्येभाऊ, शेजारचा दादा, शाळेतल्या पीटीच्या बाई यांच्या सोबतीत ते ओझे नसते. पालकांनी त्या माणसाला नंतर बाजूला घेऊन "काय म्हणाला?" असे विचारू नये. ही अट अवघड आहे, पण पाळली नाही तर पुढच्या खेपेला मूल येणार नाही.

एक इशारा मात्र इथेच देऊन ठेवतो. जागतिक आरोग्य संघटनेच्या अंदाजानुसार दहा ते एकोणीस वयोगटातील दर सातांपैकी एकाला कोणता ना कोणता मानसिक विकार असतो. झोप आणि भूक पार बदलणे, आवडीच्या गोष्टी सोडून देणे, स्वतःला इजा करणे, 'मी नसलो तर बरे' असे बोलणे, ही लक्षणे टेकडीवरच्या फेरफटक्याने जाणारी नाहीत. तेव्हा डॉक्टरांकडे जावे. केंद्र सरकारच्या 'टेली-मानस' सेवेच्या १४४१६ या क्रमांकावर चोवीस तास विनामूल्य बोलता येते, आणि मराठीतही बोलता येते.

मग गाण्याचे काय? नुसते ऐकून काही होते का? इटलीतील पाविया विद्यापीठातील लुचियानो बर्नार्डी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी याचा एक नेटका प्रयोग केला. तो २००६ मध्ये 'हार्ट' या वैद्यकीय नियतकालिकात प्रसिद्ध झाला. चोवीस निरोगी माणसे घेतली. निम्मी संगीत शिकलेली, निम्मी न शिकलेली. त्यांना सहा प्रकारचे संगीत ऐकवले. त्यात पाश्चात्त्य अभिजात संगीत होते, तसा आपला रागही होता. श्वास, नाडी आणि रक्तदाब मोजले. द्रुत लयीत ते वाढले, विलंबित लयीत उतरले, आणि संगीत ऐकणाऱ्याच्या आवडीचे आहे की नाही यापेक्षा लयीचा परिणाम अधिक दिसला. पण संशोधकांनाही अनपेक्षित वाटलेली गोष्ट वेगळीच होती. संगीताच्या मध्ये दोन मिनिटांची शांतता ठेवली होती. सर्वांत खोल विसावा त्या दोन मिनिटांत मिळाला. सुरुवातीच्या, संगीताआधीच्या शांततेपेक्षाही अधिक. ज्यांना घरी करून पाहायचे असेल त्यांनी एक संथ गाणे लावावे आणि ते संपल्यावर लगेच दुसरे लावू नये. गाणे 'सेलिंग'च असावे असे नाही. किशोरीताईंचा भूप असला तरी चालेल, आणि बहुधा अधिकच चालेल.

चोवीस माणसांच्या प्रयोगावरून फार मोठे दावे करू नयेत. गाणे हे औषध नव्हे. हे सांगण्याचे कारण पुढे आहे.

इथून क्रॉस यांची कहाणी वेगळे वळण घेते. १९८१ च्या ऑगस्टमध्ये अमेरिकेत एमटीव्ही ही वाहिनी सुरू झाली आणि गाणे ऐकण्याबरोबरच पाहण्याची वस्तू झाले. रोहित पक्ष्याआड राहिलेला हा काहीसा स्थूल, संकोची माणूस त्या नव्या बाजारात बसला नाही. 'आर्थर' चित्रपटाच्या गीतासाठी ऑस्कर मिळाले, काही गाणी आणखी गाजली, मग प्रसिद्धीचा पूर ओसरला. ते गात राहिले, दौरे करत राहिले. २०२० साली, पहिल्या संग्रहाच्या चाळिसाव्या वर्षानिमित्त मोठा दौरा ठरला होता. त्याच वसंतात, सत्तरीच्या उंबरठ्यावर असताना, त्यांना कोविड झाला. ताप उतरला, पण त्यानंतर एक दिवस पायांनी साथ सोडली. उभे राहता येईना, चालता येईना. निदान झाले गीया-बारे सिंड्रोम, म्हणजेच जीबीएस. चाकांच्या खुर्चीपासून त्यांना पुन्हा सुरुवात करावी लागली. चालणे, बोलणे, स्मरण या सगळ्यांवर परिणाम झाल्याचे त्यांनी त्या वर्षअखेरीस दूरचित्रवाणीवरील मुलाखतीत सांगितले. तोवर ते काठीच्या आधाराने चालू लागले होते.

जीबीएस ही तीन अक्षरे मराठी वाचकाला आता समजावून सांगावी लागत नाहीत. जानेवारी २०२५ मध्ये पुण्याच्या सिंहगड रस्ता, नांदेड गाव, किरकटवाडी, धायरी या भागांत या आजाराचा उद्रेक झाला. रुग्णसंख्या दोनशेच्या वर गेली, काहींचे प्राण गेले. अनेक रुग्णांना आधी जुलाब-उलट्या झाल्या होत्या, आणि काहींच्या नमुन्यांत कॅम्पिलोबॅक्टर जेजुनी हा जिवाणू सापडला. त्या दिवसांत आपण सर्वांनी पाणी उकळले. मग बातम्या थांबल्या आणि बहुतेकांनी उकळणेही थांबवले.

या आजारात नेमके काय होते? शरीराची संरक्षणव्यवस्था एखाद्या जंतूशी लढते आणि लढाई संपल्यावर शस्त्र खाली ठेवत नाही. जंतूच्या कवचाचे आणि आपल्या मज्जातंतूंच्या आवरणाचे काही घटक एकसारखे दिसतात. त्या सारखेपणाने फसून ती आपल्याच मज्जातंतूंवर चालून जाते. १९१६ मध्ये गीया, बारे आणि स्ट्रोल या तीन फ्रेंच डॉक्टरांनी दोन सैनिकांमध्ये या आजाराचे वर्णन केले. तिसऱ्याचे नाव पुढे गळून पडले. हा आजार तसा विरळा आहे, लाखात एक-दोघांना वर्षाकाठी होणारा. तो संसर्गजन्य नाही. रुग्णाजवळ बसल्याने, त्याचा हात धरल्याने तो होत नाही. पुण्यातील उद्रेकाच्या वेळी काही घरांत नातलग रुग्णापासून चार हात दूर राहिले, असे ऐकले. म्हणून हे पुन्हा लिहितो आहे.

आरंभ बहुधा पायांपासून होतो. तळव्यांना मुंग्या येतात. चप्पल पायातून निसटते आणि कळत नाही. जिन्याची पायरी एकाएकी उंच वाटते. खाली बसल्यावर हाताचा आधार घेतल्याशिवाय उठता येत नाही. हे दोन्ही पायांत, सारखेच होते, आणि काही तासांत वा दिवसांत वर चढत जाते. ताप किंवा जुलाब होऊन एक ते चार आठवडे झाले आहेत आणि असे काही जाणवते आहे, तर "अशक्तपणा असेल, उद्या पाहू" म्हणू नये. त्याच दिवशी, मज्जाविकारतज्ज्ञ आणि अतिदक्षता विभाग असलेल्या रुग्णालयात जावे. गिळताना ठसका लागणे, आवाज बदलणे, धाप लागणे यांपैकी काही दिसले तर तासाचाही विलंब नको. शंभरातील वीस-तीस जणांना श्वासासाठी यंत्राचा आधार लागतो. इम्युनोग्लोब्युलिनची इंजेक्शने किंवा रक्तद्रव बदलण्याची प्रक्रिया हे दोनच सिद्ध उपचार आहेत, आणि ते पहिल्या दोन आठवड्यांत सुरू झाले तर अधिक उपयोगी पडतात. दोन्ही महाग आहेत. महात्मा जोतिराव फुले जनआरोग्य योजनेचा लाभ मिळेल का, ते दाखल होतानाच विचारून घ्यावे. संकोच करू नये.

प्रतिबंधाचे साधे आहे. पाणी खळखळून उकळावे, कोंबडीचे मांस पुरते शिजवावे, ते चिरलेली सुरी आणि पाट धुतल्याशिवाय कोशिंबिरीला लावू नये.

बहुतेक रुग्ण बरे होतात. सहा महिन्यांनी शंभरातले सुमारे ऐंशी जण आधाराशिवाय चालू शकतात. परंतु 'बरे होतात' या दोन शब्दांत जो काळ दडला आहे, तो घरच्यांना कोणी आधी सांगत नाही. केवळ आवरणाला इजा झाली असेल तर भरपाई आठवड्यांत, महिन्यांत होते. आतला तंतूच तुटला असेल तर तो दिवसाला सुमारे एक मिलिमीटर या गतीने वाढतो. कंबरेपासून पायाच्या अंगठ्यापर्यंतचे अंतर एक मीटर धरा आणि हिशेब आपणच करा. अशा वेळी "प्रयत्न कर, मनावर घे" असे म्हणणारे नातलग नकळत क्रूर होतात. मनावर घेतल्याने मज्जातंतू लवकर वाढत नाही. उलट थकवा येईपर्यंत व्यायाम केला तर दुसऱ्या दिवशी रुग्ण मागे पडतो. फिजिओथेरपिस्ट सांगेल तेवढेच करावे. बाकी वेळ सांधे आखडू नयेत, पाऊल खाली लोंबू नये आणि पाठीला शय्याव्रण होऊ नयेत, यासाठी घरच्यांचे हात लागतात.

आणखी एक गोष्ट आहे, आणि या लेखातली सर्वांत महत्त्वाची गोष्ट मी तीच मानतो. जीबीएस मेंदूचा आजार नाही. यंत्रावर असलेला, बोट हलवू न शकणारा, कधी पापणीही न उचलू शकणारा रुग्ण आत पूर्ण जागा असू शकतो. त्याला ऐकू येते. खाटेशेजारी चाललेली खर्चाची चर्चा, "काही खरे नाही" ही कुजबुज, रडणे हे सगळे तो ऐकतो आणि उत्तर देऊ शकत नाही. शिवाय अनेकांना तीव्र वेदना असतात. अंगावरची चादरसुद्धा बोचते. म्हणून खाटेपाशी गेल्यावर आधी नाव सांगावे, वार आणि वेळ सांगावी, आता काय करणार आहोत ते सांगावे आणि मगच हात लावावा. पापणी हलत असेल तर 'हो'ला एकदा, 'नाही'ला दोनदा अशी खूण ठरवून घ्यावी. ती सर्व परिचारिकांना सांगावी आणि कागदावर लिहून खाटेच्या डोक्याशी चिकटवावी. परिचारिकेला विचारून, रुग्णाला विचारून एखादे गाणे हलक्या आवाजात लावावे आणि संपल्यावर बंद करावे. दिवसभर कानाशी गाणी वाजवत ठेवू नयेत. ज्याला उठून ती बंद करता येत नाहीत, त्याच्यासाठी ती शिक्षाच होते. गावातली बातमी सांगावी: पाऊस पडला का, आंबा मोहरला का, धाकट्याने परीक्षेत काय दिवे लावले. त्या खाटेवरून त्याला थोडा वेळ बाहेर घेऊन जाणारे तेवढेच असते.

क्रॉस यांच्या पायांत हळूहळू बळ आले. लांबणीवर पडलेला दौरा त्यांनी पुढे केला, आणि ज्या गाण्यासाठी लोक येतात ते गाणेही पुन्हा गायले. त्यांच्या पहिल्या संग्रहाच्या एकट्या अमेरिकेत पन्नास लाख प्रतींची नोंद आहे.

मात्र त्या मित्राचे काय झाले, हे सांगायचे राहिले. गाणे पहिल्या क्रमांकावर गेले तेव्हा दोघांचा संपर्क नव्हता. ग्रॅमीच्या रात्रीही नव्हता. नव्वदच्या दशकात एका दूरचित्रवाणी कार्यक्रमात क्रॉस यांनी त्या बोटीची आठवण सांगितली, आणि त्याच कार्यक्रमात सुमारे अठ्ठावीस वर्षांनी त्यांची आणि त्या मित्राची भेट घडवून आणली गेली. काही महिन्यांनी क्रॉस यांनी त्याला भेट पाठवली. त्या तबकडीच्या विक्रीबद्दल त्यांना जो प्लॅटिनम सन्मान मिळाला होता, त्याची ती एक प्रत होती.